आरोपीच्या बाजूने उभा राहिलेला कथाकार : सर आर्थर कॉनन डॉयल

शेरलॉक होम्स हे नाव ऐकलेले नाही असा विद्यार्थी आपल्या महाविद्यालयात शोधूनही सापडायचा नाही. ग्रंथालयात होम्सच्या पुस्तकांची काय दशा असते हे आपण सारे जाणतोच. पुठ्ठे निघालेले, पाने दुमडलेली, आणि एखाद्या अतिउत्साही वाचकाने पहिल्याच पानावर पेन्सिलीने खुन्याचे नाव लिहून ठेवलेले! मात्र ज्या लेखकाने हा होम्स घडवला त्याच्याविषयी विचारले तर आपली गाडी अडते. डॉक्टर होता, होम्सला त्याने एकदा मारून टाकले आणि लोकांनी ओरड केल्यावर पुन्हा जिवंत केले, एवढ्यावर आपली माहिती संपते.

या लेखकाने प्रत्यक्ष आयुष्यातही काही खटल्यांचा तपास केला. तो पोलिसांना मदत करण्यासाठी नव्हे, तर पोलिसांच्या तावडीत निरपराध सापडलेल्या माणसांना सोडवण्यासाठी. त्यातला पहिला माणूस मुंबईहून इंग्लंडला गेलेल्या एका पारशी गृहस्थांचा मुलगा होता. प्रस्तुत लेखात डॉयल यांचे चरित्र सांगताना होम्स थोडा मागे पडला आणि हा पारशी तरुण पुढे आला, तर वाचकांनी क्षमा करावी.

आर्थर कॉनन डॉयल यांचा जन्म २२ मे १८५९ रोजी एडिंबरो येथे झाला. घराणे मूळचे आयरिश, धर्माने कॅथॉलिक. वडील चार्ल्स सरकारी बांधकाम खात्यात नकाशे काढण्याचे काम करीत. हात कलावंताचा, पण दारूचे व्यसन जबर. पुढे त्यांना वेड्यांच्या इस्पितळात ठेवावे लागले आणि तेथेच त्यांचा अंत झाला. घर सावरले ते आई मेरी यांनी. जुन्या घराण्यांच्या आणि शूरवीरांच्या गोष्टी सांगून या माउलीने मुलाला वाढवले. दुबळ्याच्या बाजूने उभे राहावे, दिलेला शब्द पाळावा, स्त्रीचा मान राखावा, ही मूल्ये मुलाच्या मनात इतकी रुजली की पुढे साठी उलटल्यावरही तो मध्ययुगातल्या एखाद्या सरदारासारखा वागत असे. याचे फायदे झाले तसे तोटेही झाले. ते ओघाने येतीलच.

जेझुइट पाद्र्यांच्या शाळेत शिक्षण झाल्यावर १८७६ मध्ये त्यांनी एडिंबरो विद्यापीठात वैद्यकाच्या अभ्यासाला प्रवेश घेतला. तेथे जोसेफ बेल नावाचे शल्यविशारद प्राध्यापक होते. रोग्याने तोंड उघडण्यापूर्वीच त्याचा धंदा कोणता आणि तो कुठून आला हे ते त्याच्या हातांवरून, चालीवरून, कपड्यांवरून ओळखत. होम्सचे मूळ या बेलसाहेबांत आहे हे सर्वश्रुत आहे. शिक्षण चालू असतानाच पैशासाठी डॉयल एका देवमाशांच्या शिकारीच्या जहाजावर डॉक्टर म्हणून उत्तर ध्रुवाकडच्या समुद्रात जाऊन आले. पुढे १८८२ मध्ये पोर्ट्समथजवळ साउथसी येथे त्यांनी दवाखाना थाटला. रोगी फारसे फिरकत नसत आणि वेळ रिकामा जाई, म्हणून हातात लेखणी आली. १८८७ मध्ये 'अ स्टडी इन स्कार्लेट' प्रसिद्ध झाली. या पहिल्या होम्सकथेचे सर्व हक्क त्यांनी अवघ्या २५ पौंडांना विकले होते!

साउथसीत असताना त्यांनी नेत्ररोगांकडे विशेष लक्ष दिले. १८९१ च्या आरंभी त्याच अभ्यासासाठी ते व्हिएन्नाला गेले आणि परत येऊन लंडनमध्ये डोळ्यांचे डॉक्टर म्हणून त्यांनी पाटी लावली. येथेही रोग्यांनी पाठच फिरवली. त्याच वर्षी 'स्ट्रँड' मासिकातून होम्सच्या कथा येऊ लागल्या आणि वैद्यकी कायमची सुटली. नेत्रवैद्यकाची ती अर्धवट राहिलेली विद्या वाया गेली असे कोणालाही वाटले असते. पंधरा वर्षांनंतर तिचा उपयोग कसा झाला ते पुढे पाहू.

मधल्या काळातील कीर्तीची कहाणी थोडक्यात आवरतो. १८९३ मध्ये त्यांनी होम्सला धबधब्यात ढकलले. १९०० मध्ये बोअर युद्धात ते स्वखुशीने दक्षिण आफ्रिकेत गेले आणि ब्लूमफाँटेन येथील लष्करी इस्पितळात विषमज्वराने तडफडणाऱ्या शिपायांची त्यांनी शुश्रूषा केली. १९०२ मध्ये 'सर' हा किताब मिळाला. पार्लमेंटच्या निवडणुकीला ते दोनदा उभे राहिले आणि दोन्ही वेळा पडले. साम्राज्याचे ते कट्टर अभिमानी होते, हे आपण भारतीयांनी विसरू नये. १९०६ च्या जुलैमध्ये त्यांची पत्नी लुइझा दीर्घकाळच्या क्षयाने वारली. त्यानंतर कित्येक महिने त्यांचे कशातच मन लागेना. लेखन थांबले. अशा मनःस्थितीत त्या वर्षाच्या अखेरीस एका वर्तमानपत्रातला मजकूर त्यांच्या वाचनात आला. लिहिणारा होता जॉर्ज एदलजी, नुकताच तुरुंगातून सुटलेला एक वकील.

या जॉर्जची हकीकत सांगण्यासाठी आपल्याला मुंबईपासून सुरुवात करावी लागते. त्याचे वडील शापुरजी एदलजी हे मुंबईचे पारशी. तरुणपणी त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. गुजराती-इंग्रजी शब्दकोश तयार करणारे हे विद्वान गृहस्थ पुढे इंग्लंडला गेले, धर्मोपदेशक झाले, शार्लट नावाच्या इंग्रज स्त्रीशी त्यांनी विवाह केला आणि स्टॅफर्डशायर परगण्यातील ग्रेट वर्ली या गावच्या चर्चचे ते व्हिकार झाले. (आपल्या मुंबईच्या वरळीशी या वर्लीचा नावापलीकडे संबंध नाही.) कोळशाच्या खाणींचे आणि शेतीचे हे गाव. तेथल्या व्यासपीठावरून दर रविवारी एक सावळ्या वर्णाचा हिंदी माणूस गोऱ्या लोकांना धर्म सांगणार, ही गोष्ट अनेकांच्या पचनी पडली नाही.

१८८८ पासून व्हिकारच्या घरी निनावी पत्रे येऊ लागली. १८९२ ते १८९५ या काळात तर त्यांना ऊत आला. शापुरजींच्या नावाने खोट्या जाहिराती छापल्या गेल्या, न मागवलेल्या वस्तू दारात येऊन पडू लागल्या. एके दिवशी वॉल्सॉलच्या शाळेची चोरलेली किल्ली त्यांच्या उंबऱ्यावर सापडली. ज्याच्या घरावर हा मारा चालला होता त्याने पोलिसांकडे धाव घेतली, आणि येथेच सारे उलटे फिरले. परगण्याचे पोलीसप्रमुख कॅप्टन अँसन हे एका उमरावाचे चिरंजीव. हा सारा उपद्व्याप व्हिकारचा थोरला मुलगा जॉर्ज हाच करतो असे त्यांनी ठरवून टाकले. पुरावा काहीच नव्हता. जॉर्जने कितीही नाही म्हटले तरी आपण विश्वास ठेवणार नाही, अशा आशयाचे त्यांनी शापुरजींना कळवले, आणि गुन्हेगाराला सक्तमजुरीची शिक्षा देववण्याची आशाही बोलून दाखवली. जॉर्ज तेव्हा सतरा-अठरा वर्षांचा होता. तक्रार घेऊन गेलेल्या माणसाच्या घरातच आरोपी शोधण्याचा हा प्रकार आपल्याकडील वाचकांना फारसा अपरिचित वाटणार नाही.

पुढे पत्रे थांबली. जॉर्ज कायदा शिकला, परीक्षेत त्याने बक्षिसे मिळवली आणि बर्मिंगहॅममध्ये सॉलिसिटर म्हणून धंदा सुरू केला. रेल्वेच्या प्रवाशांना उपयोगी पडावे म्हणून रेल्वेच्या कायद्यावर त्याने एक छोटे पुस्तकही लिहिले. सकाळच्या गाडीने कचेरीत जावे, संध्याकाळी घरी यावे, थोडे फिरून यावे आणि वडिलांच्याच खोलीत झोपावे, असा त्याचा दिनक्रम. दारू नाही, तंबाखू नाही, मित्रमंडळीही बेताचीच.

१९०३ च्या फेब्रुवारीपासून वर्लीच्या आसपास रात्रीच्या वेळी घोडे, गायी आणि मेंढ्यांची पोटे धारदार शस्त्राने फाडण्याचे भयंकर प्रकार सुरू झाले. त्याबरोबर निनावी पत्रेही पुन्हा आली. हे एका टोळीचे काम असून जॉर्ज एदलजी त्या टोळीत आहे असे त्यांत लिहिलेले असे. १८ ऑगस्टच्या सकाळी खाणीवरचे एक तट्टू रक्तबंबाळ अवस्थेत सापडले. त्याच दिवशी पोलिसांनी जॉर्जला बर्मिंगहॅमच्या कचेरीतून अटक केली. तेव्हा तो २७ वर्षांचा होता.

खटला ऑक्टोबरमध्ये स्टॅफर्डच्या क्वार्टर सेशन्ससमोर ज्यूरीपुढे चालला. ओलसर असलेला एक जुना कोट, चिखलाने भरलेले बूट, काही वस्तरे आणि एका हस्ताक्षरतज्ज्ञाची साक्ष, एवढ्यावर सरकारपक्ष उभा होता. जॉर्जने स्वतःविरुद्धची ती पत्रे स्वतःच लिहिली असा दावा होता! आपल्याच नावाने टोळीचा बोभाटा करून कोणता गुन्हेगार आपल्या गळ्यात फास अडकवून घेईल, हा प्रश्न ज्यूरीला पडला नाही. रात्रभर दाराला कुलूप होते, मुलगा माझ्याच खोलीत होता आणि माझी झोप सावध आहे, अशी साक्ष शापुरजींनी दिली. त्या रात्री घराच्या परिसरावर पोलिसांची पाळतही होती. हल्ला संध्याकाळी झाला असे पोलिसांचे पहिले म्हणणे होते. पशुवैद्याच्या तपासणीत जखम ताजी, पहाटेच्या सुमाराची असल्याचे निघाले, तेव्हा हल्ल्याची वेळ सोयीस्करपणे मध्यरात्रीनंतर सरकवण्यात आली. जॉर्ज कोठडीत असतानाही एक घोडा फाडला गेला. त्यावर टोळीतल्या इतरांनी जॉर्जला वाचवण्यासाठी हे केले असा खुलासा झाला. एवंच, जनावर मेले तरी जॉर्ज दोषी, न मेले तरी जॉर्जच दोषी. शिक्षा झाली सात वर्षे सक्तमजुरीची.

आता येथे कायद्याची एक गोष्ट सांगणे आवश्यक आहे, कारण या साऱ्या प्रकरणाचे मर्म तिच्यात आहे. फौजदारी खटल्यात ज्यूरीने दोषी ठरवलेल्या माणसाला पुराव्याची फेरतपासणी मागण्यासाठी त्या काळच्या इंग्लंडमध्ये अपिलाचे न्यायालयच नव्हते. शंभर पौंडांच्या दिवाणी दाव्यात अपील करता येई, पण सात वर्षांच्या कैदेविरुद्ध नाही. एकच वाट उरे, ती म्हणजे गृहमंत्र्यांकडे दयेचा अर्ज. गृहखाते त्या अर्जावर माहिती मागवणार कोणाकडून? अर्थातच स्थानिक पोलिसांकडून. म्हणजे ज्यांच्याविरुद्ध गाऱ्हाणे, त्यांचाच अभिप्राय!

गंमत अशी की, शापुरजी जो देश सोडून गेले होते त्या देशात परिस्थिती निराळी होती. इंग्रजांनीच हिंदुस्थानसाठी केलेल्या फौजदारी प्रक्रिया संहितेत शिक्षेविरुद्ध वरच्या न्यायालयात दाद मागण्याची सोय होती. ज्या ऑगस्ट महिन्यात जॉर्जला अटक झाली, त्याच महिन्यात पुण्यात लोकमान्य टिळकांना ताईमहाराज प्रकरणात खोट्या साक्षीच्या आरोपावरून दीड वर्षाची शिक्षा सुनावण्यात आली. टिळक सेशन्स कोर्टात गेले, तेथून मुंबईच्या उच्च न्यायालयात गेले आणि मार्च १९०४ मध्ये निर्दोष सुटले. परक्या सरकारशी वैर असलेल्या टिळकांना जे दार उघडे होते ते खुद्द इंग्लंडच्या भूमीवर इंग्लंडचाच सॉलिसिटर असलेल्या जॉर्जला बंद होते.

जॉर्जच्या बाजूने अर्ज मात्र झाला, आणि मोठा झाला. बहामा बेटांचे माजी मुख्य न्यायाधीश येल्व्हर्टन यांनी पुढाकार घेतला. दहा हजार लोकांनी सह्या केल्या. त्यांत शेकड्यांनी वकील होते. सरकार हलले नाही. पुढे तीन वर्षे भरल्यावर १९०६ च्या ऑक्टोबरमध्ये जॉर्जला अचानक सोडून देण्यात आले. माफी नाही, खुलासा नाही. वकिली गेलेली, पोलिसांची नजर मागे, आणि कपाळावर गुन्हेगाराचा शिक्का कायम. त्याने आपली हकीकत वर्तमानपत्रात लिहिली आणि ती डॉयल यांच्या हाती पडली.

१९०७ च्या जानेवारीत लंडनमधल्या एका हॉटेलात दोघांची भेट ठरली. डॉयल यांना पोहोचायला थोडा उशीर झाला. दिवाणखान्यात जॉर्ज वर्तमानपत्र वाचत बसला होता. डॉयल लगेच पुढे झाले नाहीत. दुरूनच ते पाहत राहिले. जॉर्जने कागद डोळ्यांच्या अगदी जवळ आणि थोडा तिरका धरला होता. व्हिएन्नाच्या त्या अर्धवट विद्येने आता काम केले. या माणसाला तीव्र लघुदृष्टी आहे आणि दृष्टिवैषम्यही आहे हे त्यांनी ओळखले. पुढे नेत्रतज्ज्ञाकडून तपासणी करवली तेव्हा दोष आठ डायॉप्टरचा निघाला. असा माणूस पावसाळी अंधाऱ्या रात्री घराबाहेर पडतो, रेल्वेचे रूळ, तारा आणि कुंपणे ओलांडतो, मोकळ्या शेतात तट्टू हुडकतो, पोलिसांचा पहारा चुकवून त्याचे पोट फाडतो आणि पुन्हा तसाच वडिलांच्या शेजारी येऊन झोपतो! ज्यूरीपुढे बचावपक्षाने एकही नेत्रतज्ज्ञ उभा केलेला नव्हता.

होम्सच्या कथेत येथे गोष्ट संपली असती. डॉयल यांचे काम येथून सुरू झाले. ते वर्लीला गेले, त्यांनी ती वाट स्वतः चालून पाहिली, खटल्याचे कागद वाचले, शापुरजींना भेटले, कॅप्टन अँसन यांच्या घरी जाऊन त्यांनाही भेटले. कोटाच्या बाबतीत त्यांनी जे दाखवले ते कायद्याच्या विद्यार्थ्याने लक्षात ठेवण्याजोगे आहे. कोट सकाळी जप्त झाला तेव्हा त्यावर घोड्याचे केस असल्याबद्दल वाद झाला. ते केस नसून धागा आहे असे घरची माणसे म्हणत होती. पोलिसांच्या डॉक्टरने रात्री तो कोट तपासला तेव्हा त्यावर २९ केस निघाले. मधल्या वेळात मेलेल्या तट्टाच्या कातड्याचा तुकडाही पोलिसांनी कापून आणला होता आणि दोन्ही वस्तू पोलिसांच्याच ताब्यात होत्या. आपण ज्याला मुद्देमाल म्हणतो तो कोणी, केव्हा, कसा बांधून ठेवला याचा पत्ता नसला, तर त्यावरून काहीही सिद्ध होऊ शकते. बुटांच्या ठशाचीही तीच गत. खाणीवरच्या कित्येक माणसांनी ती जागा तुडवल्यावर पोलिसांनी जॉर्जचा बूट एका ठशाशेजारी दाबून नुसत्या नजरेने ताडून पाहिला. ठशाचा साचा घेतला नाही की मापाची नीट नोंद ठेवली नाही. आणि हस्ताक्षरतज्ज्ञ गरिन हे तर अॅडॉल्फ बेक नावाच्या निरपराध माणसाला १८९६ मध्ये तुरुंगात पाठवणाऱ्या खटल्यातलेही साक्षीदार होते. ती त्यांची चूक १९०४ मध्ये जगापुढे उघड झाली होती.

११ आणि १२ जानेवारी १९०७ रोजी 'डेली टेलिग्राफ'मध्ये डॉयल यांचे दोन लेख आले. इतर पत्रांना ते फुकट छापता यावेत म्हणून त्यांनी हक्क राखून ठेवला नाही. एकच खळबळ उडाली. जॉर्जच्या वर्णावरून पोलिसांचे मत आधीच बनले होते, हे डॉयल यांनी आडपडदा न ठेवता लिहिले. स्वतः साम्राज्याचा भक्त असलेल्या माणसाने हे लिहावे याला महत्त्व आहे.

सरकारने तीन गृहस्थांची चौकशी समिती नेमली. त्यांतले एक जण अँसन यांचे दूरचे नातलग होते! समितीचा निर्णय मे महिन्यात जाहीर झाला. जनावर फाडल्याचा गुन्हा सिद्ध होत नाही, सबब जॉर्जला माफी. परंतु ती पत्रे त्यानेच लिहिली असावीत आणि म्हणून हे संकट त्याने स्वतःच ओढवून घेतले, सबब नुकसानभरपाई नाही. बेकला पाच हजार पौंड मिळाले होते. जॉर्जला तीन वर्षांचा मोबदला शून्य. गुन्हा केलाच नाही असे मान्य करायचे, माफीही द्यायची, आणि वर दोषही ठेवायचा, अशी ही कसरत होती. केलेली नसलेली गोष्ट माफ कशी करतात हे आमच्या अल्पमतीला अद्याप उमगलेले नाही. वर्तमानपत्राच्या वाचकांनी ३०० पौंड वर्गणी जमवून दिली. बचावासाठी ज्या वृद्ध मावशीने पैसे दिले होते तिचे ऋण जॉर्जने त्यातून फेडले. नोव्हेंबरमध्ये लॉ सोसायटीने त्याला सनद परत दिली. त्याआधी सप्टेंबरमध्ये डॉयल यांचा जीन लेकी यांच्याशी दुसरा विवाह झाला. त्या समारंभाच्या निमंत्रितांत जॉर्जही होता.

त्याच वर्षी पार्लमेंटने फौजदारी अपिलाचे न्यायालय स्थापन करणारा कायदा केला. बेक आणि एदलजी या दोन प्रकरणांनी लोकमत तापलेले नसते, तर साठ-सत्तर वर्षे रखडलेला तो प्रश्न आणखी किती रखडला असता कोण जाणे. नव्या न्यायालयाचा उपयोग १९०८ नंतरच्या आरोपींना झाला. जॉर्जला नाही.

इतके सारे लिहिल्यावर डॉयल यांची एक चूक दडवून ठेवणे अप्रामाणिकपणाचे होईल. जॉर्ज निर्दोष आहे एवढे दाखवून ते थांबले नाहीत. खरा गुन्हेगार आपण हुडकला अशी त्यांची खात्री झाली. वर्लीच्याच एका तरुणाकडे त्यांनी बोट दाखवले. तो पूर्वी खाटकाकडे उमेदवारी करीत होता, जनावरांच्या बोटीवर नोकरीला होता, शाळेत वांड होता, घरात एक मोठे शस्त्र होते, असा त्यांचा पुरावा. हे सारे त्यांनी गृहखात्याला कळवले. सरकारने ते मानले नाही आणि त्या तरुणावर खटला झाला नाही. पण विचार करा: जुनी खोडी, स्वभावाविषयीची कुजबूज, घरात सापडलेली वस्तू आणि हस्ताक्षरातले साम्य यांवरूनच अँसन यांनी जॉर्जला गुन्हेगार ठरवले नव्हते काय? आईने शिकवलेला शूरवीरांचा धडा येथे अंगाशी आला. कथेत शेवटच्या पानावर गुन्हेगार सापडावाच लागतो. न्यायालयात तसे बंधन नाही. होम्सच्या निर्मात्याला हा फरक जॉर्जच्या बाबतीत उमगला, त्या दुसऱ्या तरुणाच्या बाबतीत उमगला नाही. अँसन मात्र त्यांच्यापेक्षा पुढे गेले होते. डॉयल यांची दिशाभूल करण्यासाठी त्यांनी खोट्या पत्राची बनवाबनवी केली होती, हे २०१५ मध्ये लिलावात आलेल्या जुन्या पत्रव्यवहारातून बाहेर आले.

दुसरे प्रकरण स्कॉटलंडचे. डिसेंबर १९०८ मध्ये ग्लासगोत मॅरियन गिल्ख्रिस्ट नावाच्या वृद्ध, धनिक बाईंचा खून झाला. घरातून एक हिऱ्यांचे पदक नाहीसे झाले होते. ऑस्कर स्लेटर नावाच्या जर्मन ज्यूने तसेच पदक गहाण टाकल्याचे कळताच पोलीस त्याच्या मागे लागले. ते पदक निराळे होते आणि खुनाच्या कित्येक दिवस आधीच गहाण पडले होते, हे लवकरच उघड झाले. तरीही पाठलाग थांबला नाही. स्लेटर अमेरिकेला गेला होता. आपण निर्दोष आहोत तर भ्यायचे कशाला, म्हणून तो आपणहून परत आला. मे १९०९ मध्ये त्याला फाशीची शिक्षा झाली आणि फाशीला दोन दिवस उरले असताना ती जन्मठेपेत बदलली. जुगार, बायका, खोटी नावे असे स्लेटरचे आयुष्य होते. तो जॉर्जसारखा सरळमार्गी मुळीच नव्हता. डॉयल यांना तो मनातून आवडतही नव्हता. पण माणूस नावडता आहे म्हणून तो खुनी ठरत नाही, या भूमिकेवरून त्यांनी १९१२ मध्ये त्याच्यासाठी पुस्तिका लिहिली.

अपिलाचा नवा कायदा स्कॉटलंडला लागू नव्हता. पुन्हा तेच बंद दार. ग्लासगोच्याच पोलीस दलातील ट्रेंच नावाच्या एका अधिकाऱ्याने, साक्षीत गडबड झाली आहे असे सांगून कागद बाहेर आणले. १९१४ मध्ये बंद दाराआड चौकशी झाली. तिचे फलित काय? स्लेटर तुरुंगातच राहिला आणि ट्रेंचला नोकरीवरून काढून टाकले. पुढे त्याच्यावर चोरीचा माल घेतल्याचा खटलाही भरला. न्यायालयाने त्याला निर्दोष सोडले, पण नोकरी आणि निवृत्तिवेतन गेले ते गेलेच. १९१९ मध्ये तो वारला.

स्लेटर पीटरहेडच्या तुरुंगात दगड फोडत होता. १९२५ मध्ये सुटणाऱ्या एका कैद्याने जिभेखाली कागदाचा कपटा लपवून त्याचा निरोप डॉयल यांच्यापर्यंत पोहोचवला. डॉयल पासष्टीत होते, पण पुन्हा कामाला लागले. १९२६ मध्ये स्कॉटलंडलाही अपिलाचे न्यायालय मिळाले. पुढच्या वर्षी साक्षीदारांनी पोलिसांच्या दडपणाची कबुली दिली, स्लेटर साडेअठरा वर्षांनी सुटला आणि त्याचे जुने प्रकरण ऐकता यावे म्हणून खास कायदा करावा लागला. जुलै १९२८ मध्ये शिक्षा रद्द झाली, ती न्यायाधीशाने ज्यूरीला चुकीचे मार्गदर्शन केले या मुद्द्यावर. पोलिसांच्या वर्तनाबद्दल न्यायालयाने काही ठपका ठेवला नाही. स्लेटरला ६,००० पौंड मिळाले. अपिलाच्या खर्चाला डॉयल जामीन राहिले होते. तो खर्च स्लेटरने द्यावा असे त्यांचे म्हणणे. सरकारच्या चुकीचा खर्च मी का सोसू, हे स्लेटरचे. हा वाद वर्तमानपत्रांपर्यंत गेला आणि दोघे पुन्हा एकमेकांचे तोंड पाहिनासे झाले. आमच्या मते त्या वादात स्लेटरचे म्हणणे अगदीच चूक नव्हते.

डॉयल यांची अखेरची वर्षे परलोकविद्येच्या प्रसारात गेली. पुराव्याची एवढी चिरफाड करणारा माणूस दोन मुलींनी काढलेल्या पऱ्यांच्या छायाचित्रांवर विश्वास ठेवून बसला, याचे नवल वाटते. ७ जुलै १९३० रोजी क्रोबरो येथील राहत्या घरी त्यांचे निधन झाले.

शापुरजी १९१८ मध्येच वारले होते. जॉर्जने लंडनमध्ये वकिली चालू ठेवली आणि बहीण मॉड हिच्यासह उर्वरित आयुष्य काढले. १९३४ मध्ये एनॉक नोल्स नावाच्या कामगाराला निनावी धमकीची पत्रे लिहिल्याबद्दल पकडण्यात आले. १९०३ नंतर वर्लीच्या टोळीचा म्होरक्या म्हणून सही केलेली कित्येक पत्रे आपणच लिहिली असल्याचे त्याने कबूल केले. ती बातमी वाचून जॉर्जने वर्तमानपत्रात लेख लिहिला आणि आपल्या जुन्या मित्राची आठवण काढली. तेव्हा त्याचे वय ५८ होते. १७ जून १९५३ रोजी तो मरण पावला, तोवर सरकारकडून नुकसानभरपाईचा एक पेनीही त्याच्या हाती आला नव्हता.